बिनकराराची शिष्यवृत्ती : लोकसेवक डॉ. बाबासाहेब आंबेडकर

बाबासाहेबांविषयी लिहावयास बसले की महाडचा संग्राम, संविधानसभा आणि नागपूरची धम्मदीक्षा हे प्रसंग आधी डोळ्यांपुढे येतात. या स्मरणिकेच्या वाचकांना ते नव्याने सांगण्याची आवश्यकता नाही. म्हणून आम्ही येथे त्यांच्या चरित्राची एक वेगळी बाजू मांडत आहोत. शिष्यवृत्तीच्या पैशावर शिकलेला एक विद्यार्थी पुढे सरकारात मंत्रिपदावर गेला आणि शिष्यवृत्ती व वसतिगृह या गोष्टी दात्याच्या मर्जीतून काढून त्याने सरकारच्या हिशेबवहीत कशा नोंदविल्या, ती ही बाजू होय. आपल्यासारख्या निवासी शाळेतून बाहेर पडलेल्या बहुतेकांनी महाविद्यालयात गेल्यावर ‘भारत सरकार शिष्यवृत्ती’चा अर्ज भरला आहे. जातीचा दाखला, उत्पन्नाचा दाखला, गुणपत्रिकेची सत्यप्रत जोडली आहे आणि समाजकल्याण खात्याच्या कार्यालयात हेलपाटेही घातले आहेत. त्या अर्जाचा उगम कोठे आहे, हे जाणून घेणे हा कृतज्ञतेचा पहिला भाग आहे.

१४ एप्रिल १८९१ रोजी महू येथे जन्मलेल्या भीमरावांचे वडील सुभेदार रामजी हे लष्करी शाळेत मुख्याध्यापक होते. घरात शिक्षणाची आस्था होती. तथापि घराबाहेरचे जग वेगळे होते. ७ नोव्हेंबर १९०० रोजी साताऱ्याच्या सरकारी हायस्कुलात त्यांचे नाव दाखल झाले. आज महाराष्ट्रात हा दिवस विद्यार्थी दिन म्हणून पाळला जातो. त्या शाळेत बसण्यासाठी त्यांना घरून गोणपाट न्यावे लागे आणि तहान लागली तरी नळाला हात लावण्याची मुभा नव्हती. शिपायाने तोटी सोडली तर पाणी, शिपाई नसेल तर पाणी नाही. शाळा सरकारी होती, प्रवेशही मिळालेला होता; पण प्रवेश मिळणे आणि शिकता येणे यांत किती अंतर असते, हे त्या मुलाला फार लवकर कळले. पुढील आयुष्यात त्यांनी केवळ शाळांची दारे उघडण्याची मागणी न करता राहण्याची, जेवणाची, पुस्तकांची आणि फीची व्यवस्था मागितली, त्याचे मूळ या अनुभवात आहे, असे आम्हांस वाटते.

मुंबईत परळच्या चाळीतील एका खोलीत कुटुंब राहत असे. पुस्तकांसाठी पैसे नसले की सुभेदार लेकींकडे जात, त्यांचे दागिने काही दिवसांसाठी मागून घेत आणि गहाण टाकत. १९०७ साली भीमराव मॅट्रिक झाले. त्यानिमित्त झालेल्या सत्कारसभेत कृष्णराव अर्जुन केळुसकर यांनी स्वतः लिहिलेले गौतम बुद्धांचे चरित्र त्यांना भेट दिले. त्याच केळुसकर गुरुजींनी पुढे बडोद्याचे महाराज सयाजीराव गायकवाड यांच्याकडे शब्द टाकला आणि दरमहा पंचवीस रुपयांची शिष्यवृत्ती सुरू झाली. तिच्या आधारावर ते एल्फिन्स्टन महाविद्यालयातून पदवीधर झाले. धम्माचे पुस्तक आणि शिक्षणाचा पैसा या दोन्ही गोष्टी त्यांच्या आयुष्यात एकाच सज्जनाच्या हातून आल्या, ही गोष्ट आपल्यासारख्या संस्थेने विशेष लक्षात ठेवण्याजोगी आहे.

१९१३ च्या आरंभी वडील गेले. त्याच वर्षी बडोदा संस्थानाने काही विद्यार्थ्यांना अमेरिकेत पाठविण्याचे ठरविले आणि भीमरावांची निवड झाली. दरमहा साडेअकरा पौंड, मुदत तीन वर्षे. या शिष्यवृत्तीला एक करारपत्र जोडलेले होते. शिक्षण पूर्ण झाल्यावर दहा वर्षे बडोदा संस्थानची नोकरी करीन, असे त्यात लिहून द्यावे लागले. जून १९१३ मध्ये त्यांनी त्यावर सही केली आणि जुलैमध्ये ते न्यूयॉर्कला पोहोचले. कोलंबिया विद्यापीठातील तीन वर्षे त्यांनी अक्षरशः ग्रंथालयात घालविली. तेथून ते लंडनला गेले. परंतु शिष्यवृत्तीची मुदत संपताच अभ्यास अर्धवट टाकून १९१७ साली त्यांना मायदेशी परतावे लागले.

कराराप्रमाणे ते बडोद्यात रुजू झाले. तेथे जे घडले ते सर्वश्रुत आहे. उच्च पदावरील या अधिकाऱ्याच्या टेबलावर शिपाई कागदपत्रे लांबून टाकीत. गावात राहण्यास जागा मिळेना. एका पारशी धर्मशाळेत नाव बदलून ते राहिले. अकराव्या दिवशी लाठ्या घेतलेला जमाव आला आणि त्यांना तेथून निघावे लागले. दुसरीकडे आसरा मिळेना, म्हणून ते मुंबईस परतले. महाराजांचा हेतू उदार होता, याविषयी शंका घेण्याचे कारण नाही. पण एका राजाचे औदार्य त्याच्याच राजधानीतील एका खोलीचीसुद्धा हमी देऊ शकले नाही. औदार्याला कायद्याचे आणि यंत्रणेचे पाठबळ नसेल तर ते दात्याच्या दारापाशीच संपते, हा धडा बडोद्याने त्यांना दिला.

लंडनचा अपुरा अभ्यास पुरा करण्यासाठी त्यांनी सिडनहॅम महाविद्यालयात प्राध्यापकी केली आणि पगारातून पैसा शिल्लक टाकला. राजर्षी शाहू महाराजांनी साहाय्य केले, मित्र नवल भथेना यांनी पाच हजार रुपये उसने दिले आणि १९२० साली ते पुन्हा लंडनला गेले. १९२३ मध्ये परतले तेव्हा बॅरिस्टरीची सनद त्यांच्यापाशी होती आणि त्याच वर्षी डॉक्टर ऑफ सायन्स ही पदवीही त्यांना मिळाली. शाहू महाराजांनी कोल्हापुरात निरनिराळ्या जातींच्या विद्यार्थ्यांसाठी वसतिगृहे उभारली होती. अस्पृश्य विद्यार्थ्यांसाठीचे मिस क्लार्क बोर्डिंग त्यांपैकीच. खेड्यातील मुलाला शहरातील हायस्कूल गाठून द्यावयाचे तर आधी त्याच्या डोक्यावर छप्पर आणि पुढ्यात भाकरी हवी, हे सूत्र कोल्हापूरने महाराष्ट्राला दिले होते. बाबासाहेबांनी तेच पुढे नेले.

जुलै १९२४ मध्ये त्यांनी बहिष्कृत हितकारिणी सभा स्थापन केली. सभेच्या पहिल्या कामांपैकी एक म्हणजे १९२५ साली सोलापुरात सुरू झालेले वसतिगृह. १९२७ साली मुंबई विधिमंडळात त्यांची नेमणूक झाली. त्याच वर्षीच्या अंदाजपत्रकावर बोलताना त्यांनी शिक्षणखात्याचा हिशेब मांडला. प्राथमिक शाळेत दाखल होणाऱ्या शंभर मुलांपैकी जेमतेम अठरा चौथीपर्यंत पोहोचतात, हे सरकारी अहवालातील वास्तव त्यांनी सभागृहापुढे ठेवले. पुढील वर्षी गिरणीत काम करणाऱ्या स्त्रियांना बाळंतपणाच्या काळात भत्ता मिळावा यासाठीच्या विधेयकाला त्यांनी पाठिंबा दिला आणि हा खर्च शेवटी सरकारने उचलावयास हवा, असे मत मांडले. आईच्या विश्रांतीत सर्व समाजाचे हित आहे, अशी त्यांची त्यामागील भूमिका होती. १९२९ साली मुंबई प्रांतात तो कायदा झाला.

१९२८ च्या जूनमध्ये त्यांनी डिप्रेस्ड क्लासेस एज्युकेशन सोसायटी ही संस्था काढली. माध्यमिक शाळांतील अस्पृश्य विद्यार्थ्यांसाठी पाच वसतिगृहांची योजना मुंबई सरकारने मंजूर केली आणि ती चालविण्याचे काम या संस्थेकडे आले. सरकारी अनुदान पुरत नसे. मग इतर समाजांतील धनिकांकडे व विश्वस्त निधींकडे अर्ज करणे, वर्गणी गोळा करणे हे ओघानेच आले. धारवाडच्या वसतिगृहातील मुले उपाशी असल्याचे कळताच माता रमाईंनी आपल्या हातातील बांगड्या काढून दिल्याची हकीकत आपल्या घराघरांतून सांगितली जाते. वसतिगृह चालविणाऱ्याला त्या हकीकतीचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही. महिनाअखेर धान्याची कोठी रिकामी होते आणि अनुदानाचा कागद अद्याप कोणत्या तरी टेबलावर असतो, ही स्थिती आपल्याही संस्थाचालकांनी अनुभवलेली आहे.

१९२८ च्या अखेरीस मुंबई सरकारने अस्पृश्य व आदिवासी जमातींच्या शैक्षणिक, आर्थिक व सामाजिक स्थितीची पाहणी करण्यासाठी ओ. एच. बी. स्टार्ट यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. बाबासाहेब तिचे सदस्य होते. डॉ. पुरुषोत्तम सोळंकी व ठक्करबाप्पा हेही तिच्यात होते. मार्च १९३० मध्ये समितीचा अहवाल आला. शिष्यवृत्त्यांची संख्या वाढवावी, वसतिगृहे काढावीत, गिरण्या व रेल्वेच्या कारखान्यांत उमेदवारी करणाऱ्यांना शिष्यवृत्ती द्यावी, अभियांत्रिकीच्या शिक्षणासाठी परदेशी पाठवावे आणि या वर्गांच्या प्रगतीवर देखरेख ठेवण्यासाठी स्वतंत्र अधिकारी नेमावा, अशा शिफारशी तिने केल्या. आजच्या समाजकल्याण खात्याची रूपरेषा या शिफारशींत स्पष्ट दिसते. ज्या काळात रस्त्यावर आणि न्यायालयात चवदार तळ्याचा लढा चालू होता, त्याच काळात बाबासाहेब समितीच्या बैठकांत बसून वसतिगृहांचे व शिष्यवृत्त्यांचे हिशेब करीत होते. संघर्ष आणि प्रशासन ही त्यांच्या दृष्टीने एकाच कामाची दोन अंगे होती.

जुलै १९४२ मध्ये व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात त्यांनी मजूरमंत्री म्हणून सूत्रे हाती घेतली आणि १९४६ पर्यंत ती सांभाळली. महायुद्ध ऐन भरात होते. सरकार, मालक व कामगार यांच्या प्रतिनिधींनी एकत्र बसून धोरण ठरविण्याची त्रिपक्षीय पद्धत याच काळात स्थिरावली. औद्योगिक कामगारांच्या आरोग्य विम्याची योजना आखण्याचे काम १९४३ मध्ये प्रा. भा. प. आडारकर यांच्याकडे सोपविण्यात आले. १९४८ चा कर्मचारी राज्य विमा कायदा त्यांच्या अहवालातून उभा राहिला. कामगारांच्या मजुरीची, घरांची व राहणीची चौकशी करण्यासाठी १९४४ साली रेगे समिती नेमली गेली. कारखान्यांतील कामाचा आठवडा चौपन्न तासांवरून अठ्ठेचाळीस तासांवर आणणारी दुरुस्ती १९४६ साली मंजूर झाली.

डिसेंबर १९४३ मध्ये त्यांनी झरियाच्या कोळसा क्षेत्रास भेट दिली आणि स्वतः खाणीत उतरून मजुरांचे काम पाहिले. त्यांच्या चाळींत जाऊन त्यांनी राहणीमानाची चौकशी केली. पुढच्याच महिन्यात खाण कामगारांसाठी कल्याण निधी उभारणारा वटहुकूम निघाला. खाणीतून बाहेर पडणाऱ्या कोळशावर अल्पसा कर बसवावा आणि त्यातून घरे, दवाखाने, पाणी व शिक्षण यांची सोय करावी, अशी ती योजना होती. या कारकिर्दीतील एका अवघड गोष्टीचाही उल्लेख केला पाहिजे. युद्धकाळात कोळशाची टंचाई झाल्याने स्त्रियांना भूमिगत काम करण्यास असलेली बंदी सरकारने १९४३ मध्ये उठविली. त्यावर कडाडून टीका झाली आणि मजूरमंत्री या नात्याने सभागृहात उत्तर देण्याची जबाबदारी बाबासाहेबांवर आली. स्त्रियांना पुरुषांइतकीच मजुरी मिळेल ही अट घातल्याचे त्यांनी दाखवून दिले आणि हा उपाय तात्पुरता असल्याचे सांगितले. फेब्रुवारी १९४६ मध्ये बंदी पुन्हा लागू झाली. लोकसेवकाला मनाजोगते निर्णयच घेता येतात असे नाही. नाइलाजाने स्वीकारलेल्या निर्णयातही दुर्बलाच्या पदरात काय टाकता येईल, हे तो पाहतो.

आता मूळ विषयाकडे येऊ. मंत्रिपद स्वीकारून तीन-चार महिने होतात न होतात तोच, ऑक्टोबर १९४२ मध्ये, बाबासाहेबांनी व्हाइसरॉय लॉर्ड लिनलिथगो यांना अनुसूचित जातींच्या गाऱ्हाण्यांचे एक सविस्तर निवेदन सादर केले. त्यात शिक्षणाचा भाग महत्त्वाचा होता. केंद्र सरकार बनारस आणि अलीगढ येथील विद्यापीठांना दरवर्षी अनुदान देते. मग ज्यांच्यापाशी विद्यापीठ काढण्याची ऐपतच नाही अशा समाजासाठी त्याने काय केले, हा त्यांचा सवाल होता. त्यांचा भर विज्ञान व तंत्रविषयक उच्च शिक्षणावर होता. प्राथमिक शिक्षणाने माणूस साक्षर होईल. पण सत्तेच्या जागी पोहोचून आपल्या माणसांचे रक्षण करण्याची ताकद उच्च शिक्षणानेच येईल, अशी त्यांची धारणा होती.

निवेदनाचा परिणाम झाला. दरसाल तीन लाख रुपयांची तरतूद करण्यात आली. १९४४ साली अनुसूचित जातींच्या विद्यार्थ्यांसाठी मॅट्रिकोत्तर शिष्यवृत्तीची केंद्रीय योजना सुरू झाली आणि काही विद्यार्थ्यांना सरकारी खर्चाने परदेशी पाठविण्यात आले. पुढे ही योजना आदिवासी विद्यार्थ्यांनाही लागू झाली. स्वातंत्र्यानंतर ती चालू राहिली आणि आजतागायत चालू आहे. याच सुमारास, ऑगस्ट १९४३ मध्ये, केंद्र सरकारच्या नोकऱ्यांत अनुसूचित जातींसाठी सव्वाआठ टक्क्यांहून किंचित अधिक, म्हणजे बारा जागांत एक, असे प्रमाण राखून ठेवण्यात आले. १९४६ मध्ये ते साडेबारा टक्के झाले. शिक्षण आणि नोकरी हे दोन दुवे अशा रीतीने जोडले गेले.

या योजनेचे वेगळेपण आपण नीट पाहावे. बडोद्याच्या शिष्यवृत्तीसाठी कोणी तरी शब्द टाकावा लागला होता, महाराजांची भेट घ्यावी लागली होती आणि करारपत्रावर सही करावी लागली होती. बाबासाहेबांनी जी शिष्यवृत्ती मिळवून दिली तिच्यासाठी कोणा केळुसकरांची ओळख लागत नाही. नियमांत बसणाऱ्या विद्यार्थ्याला ती मिळावी, असा तिचा पाया आहे. ती मिळण्यास उशीर झाला तर विद्यार्थी कार्यालयात जाऊन जाब विचारू शकतो, कारण तो याचक नसतो. आणि तिला दहा वर्षांच्या नोकरीचा करार जोडलेला नाही. ज्याने स्वतः करारपत्रावर सही करून शिक्षण घेतले, त्याने पुढच्या पिढ्यांना सहीवाचून शिक्षण मिळवून दिले.

१९४५ साली त्यांनी पीपल्स एज्युकेशन सोसायटी स्थापन केली. १९४६ मध्ये मुंबईत सिद्धार्थ महाविद्यालय आणि १९५० मध्ये औरंगाबादेस मिलिंद महाविद्यालय सुरू झाले. दोन्ही नावे धम्माच्या परंपरेतली आहेत, हे सांगावयास नको. मराठवाड्यातील खेड्यांतून आलेल्या मुलांसाठी मिलिंदच्या परिसरात वसतिगृहे उभी राहिली. याच वर्षांत मसुदा समितीचे अध्यक्ष म्हणून त्यांनी संविधानाचे काम पूर्णत्वास नेले. दुर्बल घटकांच्या शैक्षणिक व आर्थिक हितसंवर्धनाची जबाबदारी राज्यावर टाकणारा अनुच्छेद ४६, त्यांच्या संरक्षणाची देखरेख करणाऱ्या विशेष अधिकाऱ्याची मुळात तरतूद करणारा अनुच्छेद ३३८ आणि मागासवर्गांच्या स्थितीच्या चौकशीसाठी आयोग नेमण्याचा अनुच्छेद ३४० यांचे वाचन करताना स्टार्ट समितीच्या शिफारशींची आठवण झाल्यावाचून राहत नाही. सप्टेंबर १९५१ मध्ये त्यांनी कायदेमंत्रिपदाचा राजीनामा दिला. हिंदू संहिता विधेयकाची झालेली परवड आणि अनुसूचित जातींविषयी सरकारची अनास्था ही त्यामागील प्रमुख कारणे होती. पद गेले, काम थांबले नाही.

मार्च १९५६ मध्ये आग्रा येथील सभेत त्यांनी आपल्या मनातील एक वेदना बोलून दाखविली. शिकून मोठी झालेली माणसे समाजाच्या कामी येतील अशी त्यांची आशा होती. प्रत्यक्षात अनेकजण आपापल्या पोटापाण्यात आणि बढतीत गुंतून गेले, याची खंत त्यांना लागली होती. ज्यांच्यासाठी निवेदने लिहिली, समित्यांत भांडले, अंदाजपत्रकात रक्कम मिळविली, त्यांच्याविषयीची ही खंत होती. त्याच वर्षी १४ ऑक्टोबरला नागपुरात त्यांनी लाखो अनुयायांसह बौद्ध धम्म स्वीकारला आणि ६ डिसेंबरला दिल्लीत त्यांचे महापरिनिर्वाण झाले.

धम्मांतरानंतर आपल्या समाजावर आणखी एक कसोटीचा प्रसंग आला. अनुसूचित जातींच्या केंद्रीय सवलती तत्कालीन आदेशान्वये बौद्धांना मिळेनाशा झाल्या. महाराष्ट्र राज्याने १९६० साली आपल्या अखत्यारीतील सवलती नवबौद्धांना दिल्या. केंद्राच्या सवलतींसाठी मात्र १९९० पर्यंत वाट पाहावी लागली. मधल्या तीस-पस्तीस वर्षांत कितीतरी कुटुंबांपुढे कागदावर काय लिहावे हा प्रश्न उभा राहिला. तरीही ज्यांनी ‘बौद्ध’ हा शब्द खोडला नाही आणि मुलांना शाळेतूनही काढले नाही, त्या आईवडिलांमुळे आपल्यासारख्या संस्था उभ्या आहेत. हक्क एकदा मिळाला म्हणजे तो कायमचा झाला असे नाही, हेही या इतिहासावरून दिसून येते.

भगवान बुद्धांनी दोन प्रकारची माणसे जगात दुर्लभ असल्याचे सांगितले आहे. एक, जो कोणी काही केलेले नसताना आधी स्वतः उपकार करतो. दुसरा, जो केलेल्या उपकाराची जाण ठेवतो आणि ती कृतीने व्यक्त करतो. बाबासाहेब पहिल्या प्रकारचे होते. दुसऱ्या प्रकारच्या माणसांची जागा आपल्यासाठी मोकळी आहे. त्यांनी आपणांकडून करार लिहून घेतला नाही. म्हणून आपण काय द्यावे आणि किती वर्षे द्यावे, हे आपले आपणच ठरवावयाचे आहे. कोणी आपल्या गावच्या मुलीचा शिष्यवृत्तीचा अर्ज भरून द्यावा, कोणी कार्यालयात अडकलेल्या फायलीचा पाठपुरावा करावा, कोणी सुटीच्या दिवशी वसतिगृहात येऊन दहावीच्या मुलांना गणित शिकवावे, कोणी एका विद्यार्थ्याच्या वर्षभराच्या जेवणाचा खर्च उचलावा. पालकांनी मुलांना एवढे जरूर सांगावे की शिष्यवृत्तीचा पैसा हा आपला हक्क आहे, आणि तो मिळवून देणाऱ्या माणसाला साताऱ्याच्या शाळेत पाण्यासाठी शिपायाची वाट पाहावी लागत असे.